गाण्याचे मोल एक गोऱ्हा

साल १८८१, माघ सरत आलेला. ज्वारी काढून मोकळ्या पडलेल्या काळ्या शेताच्या बांधावर तुम्ही उभे आहात. मागे ढाणकीची मातीची घरे, पुढे टेकाडाच्या पायथ्याशी तांडा. गावाचे नाव तेच आहे, पत्ता मात्र वेगळा. ढाणकी पुसद तालुक्यात, तालुका बासिम म्हणजे वाशीम जिल्ह्यात, बासिम वऱ्हाडात. आणि वऱ्हाड नावाने निजामाचा, कारभाराने इंग्रजांचा. १८५३ च्या तहापासून हे असेच चालले आहे. बासिम जिल्हा मोडून पुसद तालुका यवतमाळला जोडतील तो १९०५ साली.

तुम्हाला या काळात एक नोकरी दिलेली आहे, कारण नोकरीवाचून परका माणूस तांड्यात शिरला तर त्याची पहिली चौकशी कुत्री करतात. तुम्ही कारकून आहात. बगलेत दप्तर, कानावर बोरू, काम गुरे मोजण्याचे. कुत्री तरी यायची ती येतातच. बंजाऱ्यांची ही कुत्री उंच, सडपातळ, जंगलात रात्री गुरांची राखण केलेली. एक बाई हाक मारून त्यांना मागे घेते. तिच्या हातात मनगटापासून दंडापर्यंत पांढऱ्या चुड्या, घागऱ्यावर भरतकाम, त्यात आरसे जडवलेले, आणि ती तुमच्याकडे पाहतेय ती तुम्ही पाहुणे असल्यासारखी मुळीच नाही.

नायक बाजेवर बसला आहे. उठत नाही.

‘‘काय कारकून, बैल मोजाले आले का?’’

तुम्ही मान हलवता.

‘‘मोजा. आता मोजाले राह्यलंच काय?’’

खरेच फारसे राहिलेले नाही. या नायकाच्या आज्याच्या वेळी तांडा चालायला लागला की पुढचा बैल मुक्कामाला पोचेपर्यंत मागचा उठलेला नसे. पाठीवर दोन्ही बाजूंना गोण्या. जाताना धान्य, येताना कोकणपट्टीचे मीठ. या व्यापाराला तांड्यात लदेणी म्हणतात. फौजांचे पोटही लदेणीवरच चाले: मोगलांचे, मराठ्यांचे, १८०३ च्या लढाईत वेलस्लीचेही. नायकाला तारखा येत नाहीत, पण आगगाडी कधी आली ते पक्के ठाऊक आहे. १८६७ मध्ये रूळ नागपूरपर्यंत पोचले, कापूस गाड्यांतून खामगावच्या बाजारात जाऊ लागला आणि गोण्यांचा बैल रिकामा झाला. आता यातले बरेच बैल नांगराला जुंपले जातात. नायकाच्या मुलाने ढाणकीच्या पाटलाकडून जमीन कसायला घेतली आहे. बाप त्याच्याशी त्यावर बोलत नाही.

तुमचे मोजून होता होता दिवस कलतो आणि वाटेवर पोरांचा गलका उठतो.

आलेला माणूस एकटा नाही. मागे त्याचा मुलगा आहे, बारा-तेरा वर्षांचा, आणि एक हडकुळे तट्टू. हा ढाडी. तांड्याचा गाणारा. वर्षातल्या ठरल्या दिवसांत तो बंजाऱ्यांतल्या चारण शाखेच्या एकेका तांड्यावर येतो, मुक्काम करतो, गातो आणि घरटी एक गोऱ्हा किंवा थोडे रुपये घेऊन पुढे जातो. नायक आता बाजेवरून उठतो. तुमच्यासाठी उठला नव्हता, याच्यासाठी उठला. पण नीट पाहा. उठला, राम राम केला, आणि पुन्हा आपल्याच बाजेवर बसला. ढाडीने आपले घोंगडे त्या बाजेपासून चार हात लांब, जमिनीवर अंथरले. तिथे बस असे त्याला कुणी सांगितले नाही. सांगावे लागत नाही.

तुम्ही ज्याच्या शेजारी बसला आहात तो म्हातारा तुमच्या कानाशी लागतो. ढाडी मुसलमान आहे, तो सांगतो. यांचा मूळपुरुष गुरू नानकाचा चेला होता. नानकाबरोबर हुमायून बादशहाच्या मेजवानीला गेला, तिथे खाऊ नये ते खाल्ले, बाटला. मग दरबारात गवई झाला आणि त्याची पोरे चारणांना येऊन मिळाली. इतिहासाच्या प्राध्यापकाला हे सांगू नका. नानक आणि हुमायून एका पंगतीला बसवताना त्याला घाम फुटेल. पण म्हातारा घडलेले सांगत नाही, बसण्याची जागा समजावून सांगतो आहे. हा माणूस आपला असूनही आपला का नाही, याचे उत्तर त्या मेजवानीत आहे.

अंधार पडल्यावर गाणे सुरू होते, आणि सुरुवात सरस्वतीच्या नावाने होते. तुम्ही चमकून म्हाताऱ्याकडे पाहता. त्याला त्यात काही नवल वाटत नाही. ढाडी सरस्वतीला मानतो, लग्नात आपल्या पूर्वजांच्या नावाने बोकड देतो, आणि मेला की फकीर येऊन दुवा पढतो. वऱ्हाडातल्या इंग्रज अधिकाऱ्यांनी हे सगळे एकामागोमाग टिपून ठेवले आहे, काहीशा गोंधळलेल्या सुरात. पुढे १९१६ साली रसेल आणि हिरालाल यांच्या चार खंडांच्या ग्रंथात तो मजकूर तसाच्या तसा गेला. तांड्यात मात्र गोंधळ कुणाच्याच चेहऱ्यावर नाही.

भाषा गोरमाटी. मराठी कान लावला तर तुम्हाला अर्धी समजते. नावे तर सगळी समजतात. पहिला तासभर नुसती नावेच आहेत. राठोडांची २७ कुळे, पवारांची १२, चव्हाणांची ६, वडतियांची ५२. एकेका कुळातून फुटलेली शाखा, त्या शाखेतला कर्ता पुरुष, त्याचा मुलगा, मुलाचा मुलगा. सूर एकाच उंचीवर, दोन-तीन स्वरांत फिरणारा. तुम्हाला कंटाळा येऊ लागतो. आजूबाजूला बघा, कुणालाच आलेला नाही. एका घराचे नाव येते तेव्हा त्या घरचा माणूस नकळत ताठ बसतो. बायका मागे अंधारात आहेत, पण एखादे नाव आले की तिकडून चुड्यांचा आवाज होतो. ते नाव कुणाच्या तरी माहेरचे असते.

मध्येच गाणे थांबते. एका घरचा बाप पुढे येऊन विचारतो: अमक्या तांड्यातली सोयरीक चालून आली आहे, करावी का? ढाडी डोळे मिटतो. उलट्या दिशेने चढत जातो: मुलगा, बाप, आजा, पणजा. मग मान हलवतो. सहा पिढ्यांवर दोन्ही घरे एकाच पुरुषाशी जाऊन मिळतात. मुलगी बहीण लागते. बाप काही न बोलता जाऊन बसतो. सोयरीक मोडली. तुमच्या बगलेतल्या दप्तरात या तांड्यातल्या बैलांची गणती आहे, माणसांचे हे नाते त्यात कुठेच नाही. ते फक्त चार हात लांब बसलेल्या या मुसलमानाच्या डोक्यात आहे, आणि त्याच्या मागे पेंगत बसलेल्या पोराच्या डोक्यात उतरते आहे.

मध्यरात्रीनंतर दिल्लीचे राजे येतात आणि गाण्याला धार चढते. आता तोच माणूस निराळा वाटतो. हात उठतो, आवाज फुटतो, घोडे दौडतात. शहाजहानची दख्खनची मोहीम निघते. भंगी आणि जंगी हे दोन नायक १ लाख ८० हजार बैलांवर फौजेचे धान्य घेऊन आसफखानाबरोबर चालतात. आकडा खरा की खोटा ते सोडा. या तांड्यात आज तुम्ही मोजलेले बैल ६० च्या आत आहेत, आणि त्यांचे मालक आगीभोवती बसून १ लाख ८० हजार ऐकत आहेत. कुणी हुंकार देतो, कुणी मोहाची वाटी पुढे सरकवतो. नायकाचा शेतकरी मुलगा सगळ्यांच्या मागे उभा आहे आणि त्याचे डोळे बापापेक्षाही जास्त चमकत आहेत.

सकाळी हिशेब. या भागासाठी थांबा, गाणे झाले म्हणून उठू नका. लोककलेचे गोडवे गाणारे सगळे नेमके इथे उठून जातात, आणि मग ती कला पुढे का मेली हे त्यांना कळत नाही.

नायक म्हणतो, औंदा गोऱ्हा नाही. दोन रुपये घे.

ढाडी रागावत नाही. तुमच्या बापाने जोडी दिली होती, तो म्हणतो. तुमच्या आज्याने जोडी आणि वर झूल. पुढल्या साली नाव घेताना मी दोन रुपये म्हणू का?

सगळा तांडा ऐकतो आहे. नायक बराच वेळ दाढी खाजवतो. मग पोराला खूण करतो, आणि गोठ्याकडून एक पांढरा गोऱ्हा ओढत आणला जातो. तुम्ही दप्तर उघडून एक आकडा खोडता.

पुढच्याच वर्षी, १८८२ मध्ये, वऱ्हाड पोलिसांतल्या कंबरलेजचे बंजाऱ्यांवरचे पुस्तक नव्याने छापून निघते. त्याच साली त्याच खात्यातला गनथॉर्प मुंबई इलाखा, वऱ्हाड आणि मध्य प्रांतातल्या ‘गुन्हेगार जमातीं’चे पुस्तक काढतो, आणि त्यातही बंजारे आहेतच. गाणे आणि दरोडा एकाच खात्याच्या फडताळात. नऊ वर्षांनी, १८९१ साली, ॲकवर्थ आणि शाळिग्राम मराठी पोवाड्यांचा संग्रह प्रसिद्ध करतात. शिवाजी, तानाजी, पानिपत, पेशवे यांची गाणी गोंधळ्यांच्या आणि शाहिरांच्या तोंडून कागदावर येतात. ते मोठेच काम होते. पण ढाडीकडे टाक घेऊन त्या हेतूने कुणी गेले नाही. ज्याच्या गाण्यात राज्य असते त्याचा पोवाडा होतो. ज्याच्या गाण्यात बैल असतात त्याची पोलिसी नोंद होते.

आता नदीकडे चला. ढाणकीहून दक्षिणेला उतरले की पैनगंगा. पाणी गुडघाभर, खाली गोटे निसरडे. धोतर वर खोचून उतरा आणि मधोमध पोचल्यावर साठ वर्षे जाऊ द्या.

पलीकडच्या काठावर १९४२ आहे आणि निजामाचे राज्य. करोडगिरीच्या नाक्यावर शिपाई तुमचे बोचके उसकटून पाहतो, उर्दूत काही पुटपुटतो आणि सोडून देतो. इथे नाणे हाली शिक्क्याचे, तुमच्या खिशातला इंग्रजी रुपया बदलून घ्यावा लागतो. तुम्ही किनवट तालुक्यात आहात, आणि किनवट आदिलाबाद जिल्ह्यात. हा तालुका नांदेडला मिळेल १९५६ साली. सागाच्या जंगलातून चढत जाताना लोक दबक्या आवाजात बोलतात. दोनच वर्षांपूर्वी, १९४० मध्ये, याच जिल्ह्यात जोडेघाटला गोंडांच्या उठावाचा पुढारी कोमरम भीम पोलिसांच्या गोळीने पडला. जंगल आणि जमीन गोंडांच्या हातून सुटत चालली आहे. हा उठाव का झाला ते कळावे म्हणून निजाम सरकारला एका मानववंशशास्त्रज्ञाची मदत लागली, आणि तो आयता सापडला: क्रिस्टॉफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ. ऑस्ट्रियाचा, म्हणजे युद्धात शत्रुराष्ट्राचा नागरिक; इंग्रजांनी त्याला हैदराबाद संस्थानाबाहेर जायला बंदी घातलेली. अडकवून ठेवलेल्या माणसाने मग आदिलाबादच्या राजगोंडांवरचा मोठा ग्रंथ लिहिला. तो आला १९४८ साली.

पूस महिना आहे, एका कुळाच्या पेर्सापेनचा उत्सव. पेर्सापेन म्हणजे कुळाचा मोठा देव, आणि त्याची मूर्ती नाही. लोखंडी भाल्याचे पाते आणि चवरी, एवढेच. एरवी ते रानात ठेवलेले असते. आज कटोडा म्हणजे कुळाचा पुजारी ते बाहेर काढणार. पण देव नुसता बाहेर काढून भागत नाही, त्याला त्याची कथा ऐकवावी लागते. आणि ती गोंडाला गाता येत नाही. ती प्रधानाची.

प्रधान तिघे आहेत. एकाच्या हाती किंगरी, तीन तारांची, गजाने वाजणारी, दोघे साथीला. या प्रधानाचे यजमान पिढ्यान्‌पिढ्या ठरलेले असतात. वडिलांचे यजमान मुलाला मिळतात, शेत मिळावे तसे. यजमान गेला की त्याचे कपडे, भांडी प्रधानाकडे जातात. पण गोंडाच्या हातचे प्रधान खातो, प्रधानाच्या हातचे गोंड खात नाही. तुम्ही तांड्यातले ते घोंगडे आठवून आजूबाजूला पाहता, आणि जेवणाच्या वेळी तेच चार हातांचे अंतर तुम्हाला इथेही दिसते.

गाण्याआधी किंगरीवाला तुमच्याशी गप्पा मारतो, आणि तुम्ही दचकता, कारण तो तुमच्याशी मराठीत बोलतो. सवयीने, घरातली भाषा बोलावी तसा.

‘‘घरी मराठीच बोलतो भाऊ आम्ही.’’

मग कथा मराठीत का नाही?

‘‘देवाले मराठी समजत नाही,’’ तो म्हणतो, आणि गजाला राळ लावतो.

या एका गोष्टीपाशी क्षणभर थांबण्यासारखे आहे. गोंडांची सगळ्यात जुनी गाथा गोंडीत आहे. ती पाठ आहे मराठी बोलणाऱ्यांना. घरी एक भाषा, देवापुढे दुसरी. मराठी साहित्याच्या इतिहासात या माणसाला एक ओळ नाही, कारण तो मराठीत गात नाही.

किंगरी सुरू होते. सगळ्यांच्या आधीचे जग. गोंडांचे देव कळकट, रानटी, शंभू त्यांच्यावर नाखूश. एक खार पळत गुहेत शिरते, तिच्यामागे सगळे गोंड शिरतात, आणि तोंडावर प्रचंड शिळा पडते. गुहेचे ठिकाण काचिकोपा लोहागड. चार भाऊ तेवढे बाहेर राहतात. मग फुलातून जन्मलेला लिंगो येतो. तो भावांना आग शिकवतो, नाच शिकवतो, आणि त्याच भावांच्या हातून मारला जातो, कारण भावांच्या बायका त्याच्यावर आळ घेतात. देव त्याला उठवतात. तो उठतो आणि सूड घ्यायचे सोडून गुहेतल्या लोकांना सोडवायला निघतो. शंभू म्हणतो, बिंदो पक्ष्याची पिले आण. घरट्याखाली नाग, लिंगो नाग मारतो, पक्षीण त्याला पंखांवर घेते. शिळा हटते. मग पूर. मगर पाठीवर घेते आणि मध्येच बुडवू पाहते, कासव तारून नेते. सकाळपर्यंत गोंडांची कुळे वाटली जातात, चार देवांची, पाच देवांची, सहा देवांची, सात देवांची. आणि सोयरीक कुणाशी होते, कुणाशी नाही, हे सांगून प्रधान थांबतो. तांड्यातल्या बापाला मिळालेले उत्तर तुम्ही इथे पुन्हा ऐकता, फक्त इथे ते सृष्टीच्या उत्पत्तीपासून सुरू झाले.

हीच कथा नागपूरकडच्या एका प्रधानाने स्टीफन हिस्लॉप या मिशनऱ्याला सांगितली होती. हिस्लॉप १८६३ साली नागपूरजवळ नाल्याच्या पुरात बुडाला. कागद मागे राहिले, आणि १८६६ मध्ये रिचर्ड टेंपलने ते छापले. गोंडी मजकूर, खाली इंग्रजी. सांगणाऱ्या प्रधानाचे नाव मात्र आज कुणाच्या ओठावर नाही. गोंदिया जिल्ह्यातल्या कचारगडला माघ पौर्णिमेच्या जत्रेत ही कथा वेगळी ऐकायला मिळते. तिथे गुहेत कोंडलेल्या पोरांच्या अंगात बळ येते ते हिरासुका या पहिल्या गायकाच्या किंगरीने. पोरे शिळा ढकलतात, ती घरंगळते, आणि हिरासुका तिच्याखाली सापडून मरतो. गाथेने आपल्या गाणाऱ्याची किंमत स्वतःच सांगून ठेवली आहे.

किंगरीच्या त्या घोड्याच्या केसांच्या गजाकडे नीट पाहा, कारण पुढची उडी त्याच्यावरूनच आहे. १८३४. कैरो. रात्रीची वेळ, कॉफीच्या दुकानाबाहेर दगडी कट्टा, आणि कट्ट्यावर एक शायर. त्याच्या हातातल्या रबाबाला एकच तार आहे, घोड्याच्या केसांची. तुमच्यापासून दोन माणसे सोडून एडवर्ड लेन हा इंग्रज अरबी पेहरावात बसला आहे. दोन वर्षांनी तो पुस्तकात लिहील की एकट्या कैरोत असे सुमारे ५० शायर आहेत, आणि ते पोथीशिवाय गातात.

ते गातात बनू हिलालची गाथा. ही टोळी खरीच होती. अकराव्या शतकात ती नज्दच्या वाळवंटातून इजिप्तमार्गे ट्युनिशियावर जाऊन आदळली. चौदाव्या शतकात इब्न खल्दूनने त्यांची काही गाणी टिपून ठेवली. गाथेत ही माणसे दुष्काळाने उठतात आणि गुरे, तंबू, बायकापोरे घेऊन हिरव्या ट्युनिसच्या दिशेने निघतात. नायक अबू झैद काळा जन्मतो. गोऱ्या बापाला संशय येतो, आई खद्रा बाळासकट हाकलली जाते, आणि परक्या टोळीत वाढलेला मुलगा मोठा होऊन रणांगणात बापासमोरच उभा ठाकतो.

तुम्हाला अरबी येत नाही. पण एका जागी श्रोते हसून एकमेकांना कोपरखळ्या देऊ लागतात, तिथे शेजाऱ्याला विचारा काय झाले. अबू झैद शत्रूच्या मुलखात टेहळणीला निघाला आहे. त्याने वेष कोणता घेतला? रबाब वाजवत दारोदार फिरणाऱ्या गाणाऱ्याचा. कारण गाणाऱ्याला कुणी अडवत नाही, त्याच्याकडे कुणी नीट पाहतही नाही. कट्ट्यावरचा गाणारा सगळ्यात मोठ्या योद्ध्याला आपल्या वेषात उभा करतो, आणि ऐकणारे, जे याला घरात सोयरा करून घेणार नाहीत, ते त्या योद्ध्यासाठी टाळ्या पिटतात. १९८० च्या दशकात ड्वाइट रेनॉल्ड्स हा अभ्यासक नाईलच्या मुखाकडच्या अल-बकातूश या खेड्यात जाऊन राहिला, तेव्हा तिथे शायरांची अख्खी वस्ती होती. सगळे भटक्या जमातीचे. गाव त्यांच्या गाण्यावर जीव टाकत होते आणि त्यांच्याकडे तुच्छतेने पाहत होते. तोवर दक्षिण इजिप्तमध्ये अब्दुल रहमान अल-अबनूदी या कवीने जाबिर अबू हुसैन या गायकाकडून गाथा ध्वनिमुद्रित करून रेडिओवर नेली होती. २००८ मध्ये ती युनेस्कोच्या यादीत लागली. ढाडीच्या गाण्यासाठी यादी झाली ती गनथॉर्पची.

परत या. ढाणकी, चालू वर्ष, १५ फेब्रुवारी, बंजाऱ्यांचे संत सेवालाल महाराज यांची जयंती. उमरखेड-ढाणकी रस्त्यावर हळदीने भरलेली ट्रॅक्टरची ट्रॉली तुमच्यापुढे रेंगाळते आहे. तांडा तिथेच आहे. घरे सिमेंटची झाली, नायकाच्या बाजेच्या जागी प्लास्टिकच्या खुर्च्या. मंडपात पांढरा झेंडा, नंगारा आणि साउंड सिस्टिम.

ढाडी येत नाही. तो कोणत्या वर्षी यायचा थांबला ते सांगायला तुमच्याकडे दप्तर नाही, आणि ‘टीव्हीने सगळे मारले’ हे उत्तर मी तुम्हाला देऊ देणार नाही. टीव्ही फार उशिरा आला. गोण्यांचा बैल गेला तेव्हाच गोऱ्ह्याचे देणे डळमळले. दोन रुपयांवर तो किती साले भागवणार होता? नदीपलीकडच्या प्रधानांचे तर आणखी वेगळे. गोंडांची जमीन गेली, यजमानाकडे द्यायला उरले नाही, आणि प्रधानांच्या पोरांनी शाळा धरली. आज यवतमाळ-चंद्रपूरकडे आदिवासींत शिकलेले, नोकरीला लागलेले म्हणून प्रधानांकडे बोट दाखवतात. त्यांच्यापैकी एखाद्या मास्तरला जाऊन ‘तुम्ही किंगरी का सोडली हो’ असे हळहळून विचारू नका. चार हात लांब बसायचे त्याने सोडले. किंगरी त्या जागेबरोबर गेली. मला स्वतःला ती गाथा हवी आहे, रात्रभर हवी आहे, पण त्यासाठी त्याला पुन्हा तिथे बसवण्याचा हक्क मला नाही.

मंडपात आता गाणारा तांड्यातलाच पोरगा आहे. आवाज चांगला. सेवालालाचे चरित्र गातो, मोबाइलवर बघून. त्याला खुर्ची मिळते, हार मिळतो, नायकाशेजारी जागा मिळते. मात्र तो राठोड आहे आणि समोर बसलेले अर्धे लोक त्याचे काका-मामा. कुणाच्या आज्याने जोडी दिली आणि कुणी दोन रुपयांवर बोळवण केली, हे तो माइकवर म्हणणार नाही. बहीण लागते की नाही ते दोन म्हातारे मंडपामागे फोन लावून तिसऱ्या म्हाताऱ्याला विचारत आहेत.

गाणे थांबते. आयोजक माइक घेतो, एकदा फुंकर मारून तपासतो आणि खिशातून कागद काढतो. देणगीदारांची नावे. प्रत्येक नावाआधी ‘श्रीमान’, नावात बापाचे नाव, मग तांडा, मग आकडा. नाव उच्चारले की तो माणूस खुर्चीत नकळत ताठ होतो. एकाचा आकडा चुकून पाचशेऐवजी एकशे एक वाचला जातो, आणि तो उठून, गर्दीतून वाट काढत, स्टेजकडे निघालासुद्धा.